शंखाच्या नियमाने वाढलेली चित्रे

शंख वाढतो कसा? आतला प्राणी मोठा होतो, पण जुने कवच ताणले जात नाही. ते आहे तसेच राहते. भर पडते ती तोंडाच्या कडेला. प्रत्येक नवी भर आधीच्यापेक्षा ठरावीक पटीने मोठी आणि ठरावीक कोनातून वळलेली. बस, वेटोळे तयार! प्राणिशास्त्रज्ञ डार्सी थॉम्पसन यांनी १९१७ साली 'ऑन ग्रोथ अँड फॉर्म' या ग्रंथात हे गणित सविस्तर मांडले.

जपानी कलावंत योइचिरो कावागुची यांनी असेच नियम संगणकाला दिले. त्यांचा जन्म १९५२ चा, तानेगाशिमा बेटावरचा. १९८२ साली 'सिग्राफ' या संगणक-चित्रांच्या परिषदेत त्यांनी निसर्गातील आकारांवर निबंध सादर केला. त्यांच्या पद्धतीचे नाव 'ग्रोथ', म्हणजे वाढ.

हाताने काढलेल्या ॲनिमेशनमध्ये प्रत्येक आकार चित्रकार रेखाटतो. इथे तो आकार काढतच नाही. किती पट मोठे व्हायचे, किती वळायचे, फांदी कधी फुटायची, एवढेच ठरवतो. एखादा आकडा थोडा बदलला की निराळेच रूप उभे राहते. पुढे ओसाका विद्यापीठाच्या 'लिंक्स-१' या, अनेक लहान संगणक जोडून केलेल्या यंत्राची त्यांना साथ मिळाली. काचेवरचे दोन थेंब जवळ येताच एकमेकांत मिसळतात, तसे मिसळणारे गोळेही तिथे वापरता येत. त्यामुळे आकार मऊ, मांसल दिसू लागले.

१९८३ च्या 'ग्रोथ: मिस्टीरियस गॅलॅक्सी'मधले आकार कोणत्याच खऱ्या प्राण्याचे नाहीत, तरी जिवंत भासतात. मग संगणकाने जीवनाचे कोडे उलगडले का? आम्हाला तसे वाटत नाही. मेंढ्याचे शिंगही शंखासारखेच वळते. पण ते वाढते मुळाशी, कवटीकडून, आणि बनते केराटिनचे. शंख वाढतो तोंडाशी, आणि बनतो चुन्याचा. गणित एक, घडण वेगळी. संगणकाजवळ गणित तेवढे होते. चुना नव्हता की पेशी नव्हती.

हे वर्गात करून पाहता येईल. १ सेंटीमीटरची रेघ काढा. तिच्या टोकापासून ३० अंश वळून १.१ पट लांबीची दुसरी रेघ काढा. त्याच बाजूला वळत राहा. बारा वळणांनंतरची तेरावी रेघ पहिलीच्याच दिशेने जाईल, पण सुमारे ३.१ सेंटीमीटर भरेल. मग १.१ च्या जागी १.०५ घेऊन पाहा.