चौदा वर्षांचा अनुबोधपट

अनुबोधपट म्हटला की जुन्या मंडळींना तंबूतल्या सिनेमाआधी दाखवला जाणारा सरकारी पट आठवतो. धरण, सुधारित बियाणे, देवीची लस. आनंद पटवर्धनांचे पट त्या जातीचे नव्हेत. आपल्या चोपड्याहून तापी ओलांडली की अमळनेर. तिथे साने गुरुजींनी 1938 साली ‘काँग्रेस’ साप्ताहिक काढून शेतकरी-कामगारांची गाऱ्हाणी मांडली. तेच काम पटवर्धन कॅमेऱ्याने करतात, असे म्हटले तर वावगे होणार नाही. अच्युतराव आणि रावसाहेब पटवर्धन हे स्वातंत्र्यलढ्यातले पुढारी त्यांचे काका.

त्यांच्या ‘जय भीम कॉम्रेड’ची हकीकत ऐका. 11 जुलै 1997 रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याला चपलांचा हार घातलेला आढळला. वस्ती रस्त्यावर आली. राखीव पोलिसांनी गोळीबार केला. दहा माणसे मेली. जमाव गॅसचे टँकर पेटवायला निघाला होता, असे पोलिसांचे म्हणणे. न्यायमूर्ती गुंडेवार आयोगाला ते पटले नाही. गोळीबार असमर्थनीय होता, असा निष्कर्ष आयोगाने काढला.

चार दिवसांनी विलास घोगरे या शाहिराने गळफास लावून घेतला. हा डाव्या चळवळीतला गायक. पण मरताना त्याने डोक्याला निळे फडके बांधले होते. पटवर्धन त्याला ओळखत होते. त्यांनी कॅमेरा उचलला तो या मित्रासाठी.

बातमी आठवड्यात शिळी होते. खटला मात्र वर्षानुवर्षे चालतो, आणि पटवर्धन त्याच्यामागे चालत राहिले. 2009 साली गोळीबाराचा हुकूम देणाऱ्या अधिकाऱ्याला सत्र न्यायालयाने जन्मठेप दिली. पुढे उच्च न्यायालयात त्याला जामीन मिळाला. पट पुरा झाला 2011 साली. लांबी तीन तासांहून जास्त. लांब आहे खरा, पण त्यात वस्तीतली माणसे आपल्या तोंडाने बोलतात, गातात. पुढाऱ्यांची भाषणेही आहेत. जहाल कोण, हे तुम्हीच पाहून ठरवा. त्यात गाणाऱ्या पुण्याच्या कबीर कला मंचाच्या तरुणांवर नक्षलवादी असल्याचा आरोप आला. काही भूमिगत झाले, आणि 2013 साली विधानभवनापुढे स्वतःहून हजर झाले.

असले पट सरकारी माध्यमांना रुचत नाहीत. हे आकाशवाणीच्याच पुस्तिकेत लिहितो आहे, पण खरे ते खरे! 1995 सालचा ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’ दूरदर्शनने दाखवावा, यासाठी प्रकरण सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेले. निकाल लागला 2006 साली, पटवर्धनांच्या बाजूने.

आणखी एक. पटवर्धनांनी झोपडपट्टीवासीयांवर 1985 साली ‘हमारा शहर’ केला होता. विलास घोगरे त्यात गाताना दिसतो, गोळीबाराच्या बारा वर्षे आधी.