दामदुप्पट आणि मासिक हप्ता : घरकर्जाच्या खऱ्या किमतीचा इतिहास

घर किंवा जमीन गहाण ठेवून घेतलेल्या कर्जाची अखेरची किंमत किती, या प्रश्नाला महाराष्ट्रात निरनिराळ्या काळी निरनिराळी उत्तरे मिळाली असली, तरी त्या सर्वांमागे एकच अडचण दिसते : मुद्दल आणि दर हे दोन आकडे खतावर लिहिलेले असतात, पण किंमत ठरवणारा तिसरा घटक, म्हणजे काळ, हा खतावर कोरडा उल्लेख होऊन राहतो आणि त्याचे वजन ऋणकोला, म्हणजे कर्ज घेणाऱ्याला, बहुधा उशिरा कळते. आजच्या घरकर्जाचे स्वरूप समजून घेण्यासाठी म्हणूनच बँकेच्या तक्त्याआधी दामदुपटीच्या नियमाकडे पाहणे सोयीचे ठरते, कारण काळाला लगाम घालण्याचा तो सर्वांत जुना आणि सर्वांत दीर्घकाळ टिकलेला प्रयत्न होता.

दामदुप्पट म्हणजे व्याजाची थकबाकी मुद्दलापेक्षा जास्त वसूल करता येणार नाही, अर्थात धनकोच्या, म्हणजे कर्ज देणाऱ्याच्या, हाती एका वेळी मुद्दलाच्या दुपटीहून अधिक रक्कम पडणार नाही, हा नियम. त्याचे मूळ गौतमाच्या धर्मसूत्रात आणि मनुस्मृतीच्या आठव्या अध्यायात सापडते. धान्य, लोकर, ओझ्याची जनावरे अशा वस्तूंच्या कर्जासाठी मनुस्मृतीने ही मर्यादा पाचपटीपर्यंत सैल केली आहे. ब्रिटिश अमदानीत 1855 च्या कायद्याने व्याजदरावरील कमाल मर्यादा उठवली गेली, तरी मुंबई इलाख्यातील न्यायालयांनी हिंदू ऋणकोंच्या बाबतीत दामदुप्पट कायम असल्याचे मानले आणि ती गहाणालाही लागू केली. दर हवा तितका ठरवा, पण साचलेले व्याज मुद्दलापुढे जाणार नाही, अशी ही विलक्षण तडजोड होती.

मात्र या नियमाचा सारा भार ‘एका वेळी’ या दोन शब्दांवर आहे, आणि त्याकडे नेहमी दुर्लक्ष होते. समजा, शंभर रुपये सालीना बारा टक्के सरळ व्याजाने घेतले आणि पंधरा वर्षे एक पैही दिली नाही, तर हिशेबाने व्याज 180 रुपये होते. दामदुपटीमुळे धनकोला त्यातले शंभरच मिळतात. पण तोच ऋणको दर साल नेमाने बारा रुपये देत राहिला, तर पंधरा वर्षांत 180 रुपये व्याज भरून झाल्यावरही मुद्दलाचे शंभर रुपये जसेच्या तसे उभे राहतात, आणि यात नियमाचा भंग कोठेच होत नाही. थकवणाऱ्याला संरक्षण आणि फेडणाऱ्याला काहीच नाही, असा हा उफराटा न्याय वाटेल; परंतु साठत जाऊन डोंगर झालेल्या व्याजापासून बचाव एवढाच नियमाचा हेतू होता आणि थेंबाथेंबाने गेलेल्या व्याजाची बेरीज करणे हे त्याचे काम नव्हते. आजचे घरकर्ज नेमके थेंबाथेंबानेच फिटते.

गहाणाचे प्रकारही काळाच्या हिशेबानेच वेगळे पडत. नजरगहाणात मालमत्तेचा ताबा मालकाकडेच राही आणि व्याज रोखीने द्यावे लागे. ताबेगहाणात घर वा जमीन धनकोच्या हाती जाई आणि तिचे उत्पन्न व्याजाच्या पोटी धरले जाई; अशा कर्जाची किंमत आकड्यांत दिसतच नसे, कारण ती पिकांत आणि भाड्यात गेलेली असे. तिसरा प्रकार गहाणलहाण, ज्यात ठरलेल्या मुदतीत पैसे परत न आल्यास गहाणाची खरेदी झाली असे समजावे, अशी अट असे. शंभराच्या कर्जापोटी पाचशेचे घर जाण्याची वाट या अटीतून मोकळी होई. मुंबई उच्च न्यायालयाने 1864 मध्ये रामजी विरुद्ध चिंतो या खटल्यात ही अट ऋणकोच्या सोडवणुकीच्या हक्काआड येणार नाही, असा निर्णय दिला. प्रिव्ही कौन्सिलने 1875 मध्ये या विचारसरणीच्या तात्त्विक पायावर टीका केली, पण मुंबईतील रूढ झालेला निर्णय मोडला नाही. पुढे 1882 च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याने, जो मुंबई इलाख्यात 1 जानेवारी 1893 पासून लागू झाला, गहाण सोडवण्याचा हक्क स्पष्ट शब्दांत मान्य केला आणि त्यासाठी मुदतीच्या कायद्याने तब्बल साठ वर्षांचा अवधी ठेवला होता. 1963 च्या कायद्याने तो तीस वर्षांवर आणला.

1864 चा निर्णय आणि 1882 चा कायदा यांच्या मध्ये दख्खनचे दंगे येतात. 12 मे 1875 रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे सुरू होऊन अहमदनगर जिल्ह्यात पसरलेल्या या उठावात शेतकऱ्यांचा मुख्य रोख सावकारांच्या जिवावर नव्हता, तो रोख्यांवर आणि खतांवर होता. कागद हाती आले की ते जाळले जात. ज्या कागदाचा मजकूर आपल्याला वाचता येत नाही, ज्यातला आकडा दर नूतनीकरणाला व्याज मुद्दलात मिसळून फुगतो आणि ज्याच्या आधारे न्यायालय हुकूमनामा देते, तो कागदच शत्रू आहे, हे त्या शेतकऱ्यांनी ओळखले होते. चौकशी आयोगानंतर पुणे, सातारा, सोलापूर आणि अहमदनगर या चार जिल्ह्यांसाठी 1879 मध्ये दख्खन कृषक साहाय्य कायदा आला. त्यातल्या दोन गोष्टी येथे महत्त्वाच्या आहेत. पहिली, न्यायाधीशाने खतावरचा आकडा अंतिम न मानता व्यवहाराच्या आरंभापर्यंत मागे जावे, मुद्दल आणि व्याज वेगवेगळे मांडावे आणि व्याजावर व्याज धरू नये. दुसरी, शेतकऱ्याला प्रत्येक भरण्याची लेखी पावती, दरवर्षी हिशेबाचा उतारा आणि मागितल्यास पासबुक मिळण्याचा हक्क असावा. या कायद्यामुळे सावकार हात आखडता घेऊ लागले आणि पत आटली, अशी टीका त्या काळापासून होत आली आहे व ती निराधार नाही. तरीही कर्जाची खरी किंमत ऋणकोपुढे लेखी ठेवली पाहिजे, ही कल्पना या प्रदेशाच्या कायद्यात याच मार्गाने पक्की झाली.

शहरातील घराची गोष्ट वेगळ्या वाटेने गेली. मुंबई, कलकत्ता, मद्रास अशा मोजक्या बंदरशहरांत मालकीची कागदपत्रे धनकोच्या हवाली करूनच गहाण पूर्ण होई आणि त्यासाठी नोंदणीकृत खत लागत नसे. आज बँका घराची मूळ कागदपत्रे ठेवून घेतात, त्या रिवाजाचे मूळ या सवलतीत आहे. पण विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात मुंबईचा मध्यमवर्ग प्रामुख्याने भाड्यानेच राहत होता. गावदेवीची सारस्वत सहकारी गृहनिर्माण संस्था, जी 1915 मध्ये श्रीपाद सुब्राव तालमकी यांच्या पुढाकाराने उभी राहिली आणि देशातील अगदी आरंभीच्या अशा संस्थांपैकी एक होती, तिच्यासारख्या संस्थांत इमारत सर्वांची आणि सभासद भागधारक-भाडेकरू, अशी रचना असे. अशा रचनेत कर्ज संस्थेच्या नावावर राही, त्याची फेड सभासदांच्या मासिक देण्यातून होई आणि एकूण व्याजाचा आकडा वार्षिक ताळेबंदात सर्वसाधारण सभेपुढे येई. सामुदायिक कर्जाचा हा एक दुर्लक्षित गुण म्हणावा लागेल.

फ्लॅटच्या वैयक्तिक मालकीला 1963 च्या महाराष्ट्र मालकी सदनिका कायद्याने आधार दिला, तरी पैसा उभा करायचा तो प्रॉव्हिडंट फंडातून, दागिने मोडून, गावची जमीन विकून किंवा नोकरी देणाऱ्या संस्थेच्या कर्जातून. हे चित्र 1977 मध्ये मुंबईत स्थापन झालेल्या एचडीएफसीने बदलले. आयसीआयसीआयमधून निवृत्त झालेल्या हसमुखभाई पारेख यांनी पगारदार माणसाला त्याच्या भावी उत्पन्नाच्या भरवशावर दीर्घ मुदतीचे कर्ज देण्याचा व्यवसाय उभा केला. राष्ट्रीय आवास बँक 1988 मध्ये आणि एलआयसी हाउसिंग फायनान्स 1989 मध्ये आली, आणि ‘समान मासिक हप्ता’ म्हणजे ईएमआय हा शब्द घरोघरी पोचला.

समान हप्ता ही गणिती दृष्टीने देखणी युक्ती आहे. दर महिन्याला उरलेल्या मुद्दलावर व्याज आकारले जाते, हप्त्यातून आधी ते वळते होते आणि उरलेले मुद्दलातून कमी होते; हप्ता एकच राहतो, त्याच्या पोटातले प्रमाण मात्र बदलत जाते. 50 लाख रुपये साडेआठ टक्क्यांनी वीस वर्षांसाठी घेतल्यास हप्ता सुमारे 43,391 रुपये येतो. पहिल्या हप्त्यात 35,417 रुपये व्याज असते आणि मुद्दल फिटते ते जेमतेम 7,974 रुपये. निम्मे मुद्दल फिटायला तेरा वर्षे दहा महिने लागतात, म्हणजे मुदतीचा दोन तृतीयांशाहून अधिक काळ जातो. वीस वर्षांत एकूण भरणा होतो सुमारे 1 कोटी 4 लाख 14 हजार. त्यात व्याज 54 लाख 14 हजार, म्हणजे मुद्दलापेक्षा जास्त. मनू आणि गौतम यांनी आखलेली रेषा येथे सहज ओलांडली जाते, आणि ती ओलांडताना कोणताही नियम मोडत नाही, कारण हे व्याज एका वेळी कधीच देय होत नाही. सावकारी कर्जांपुरती दामदुपटीची मर्यादा 1946 च्या मुंबई सावकारी कायद्याने धर्मभेद न करता सर्वांना लागू केली आणि 2014 च्या महाराष्ट्राच्या कायद्याने ती पुढे चालवली. बँकांची कर्जे दोन्ही कायद्यांच्या बाहेर आहेत.

मुदत वाढवली की हे अधिक ठळक होते. तेच कर्ज तीस वर्षांचे केल्यास हप्ता सुमारे 4,945 रुपयांनी उतरून 38,446 वर येतो, पण एकूण व्याज 88 लाख 40 हजारांवर जाते. हप्त्यातल्या या सवलतीची किंमत 34 लाखांहून अधिक आहे. उलट कर्जाच्या अगदी आरंभी एक लाख रुपये जादा भरले आणि हप्ता तोच ठेवला, तर वीस वर्षांच्या कर्जातले सुमारे बारा हप्ते गळतात. अर्थात या बेरजांना मर्यादा आहे : वीस वर्षांनंतरचा रुपया आजच्या रुपयाइतका जड नसतो, आणि स्वतःच्या घरात राहणाऱ्याचे तेवढ्या काळाचे भाडे वाचते. म्हणून एकूण व्याज म्हणजे संपूर्ण तोटा असे मानणे हिशेबाच्या दृष्टीने कच्चे आहे. पण तो आकडा मुळीच न पाहता केवळ हप्त्यावर करार करणे त्याहून कच्चे.

किंमत लपण्याच्या जागा पूर्वीही होत्या. पेशवाईत सावकार कर्ज देतानाच ‘मनोती’ नावाची रक्कम कापून घेत, त्यामुळे हाती कमी पडे आणि व्याज पुऱ्या रकमेवर चाले. आजचे प्रक्रिया शुल्क आणि कर्जातच मिळवलेला विम्याचा हप्ता यांची जात तीच. काही काळ अनेक संस्था ‘वार्षिक घटत्या शिल्लकी’ने व्याज आकारत, म्हणजे दरमहा आलेले हप्ते वर्षअखेरपर्यंत मुद्दलातून वजा होत नसत. बारा टक्क्यांच्या वीस वर्षांच्या कर्जात या पद्धतीने लाखामागे हप्ता 1,101 ऐवजी 1,116 रुपयांच्या घरात जाई. महिन्याचा फरक पंधरा रुपयांचा, वीस वर्षांचा लाखामागे सुमारे साडेतीन हजारांचा. आयकरातील सवलतीने खरी किंमत झाकायला आणखी हातभार लावला. जुन्या करप्रणालीत स्वतः राहण्याच्या घराच्या व्याजावरील वजावटीला 2014 पासून 2 लाखांची मर्यादा आहे, तर वरच्या उदाहरणात पहिल्याच वर्षाचे व्याज 4 लाख 21 हजार होते. नव्या प्रणालीत ही वजावट नाहीच.

बदलत्या दराच्या कर्जाने काळाचा प्रश्न पुन्हा मूळपदावर आणला. मे 2022 ते फेब्रुवारी 2023 या अवधीत रिझर्व्ह बँकेचा रेपो दर, म्हणजे ती बँकांना अल्प मुदतीसाठी ज्या दराने पैसे देते तो दर, 4 टक्क्यांवरून साडेसहावर गेला. सात टक्क्यांनी घेतलेल्या 50 लाखांच्या वीस वर्षांच्या कर्जाचा हप्ता 38,765 रुपये. आरंभीच दर साडेनऊ झाला, तर महिन्याचे व्याजच 39,583 होते आणि पूर्ण हप्ता भरूनही मुद्दल वाढत जाते. सुप्याच्या शेतकऱ्याच्या खतात व्याज मुद्दलात मिसळत होते, त्याचीच ही संगणकीय आवृत्ती. रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट 2023 मध्ये काढलेल्या आदेशात मुदत वाढवताना असे होऊ देऊ नये, असे बजावले, हप्ता वाढवायचा की मुदत, हे निवडण्याची मुभा ऋणकोला द्यायला लावली, आणि आजवर वसूल झालेले मुद्दल व व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर दाखवणारा उतारा दर तिमाहीला देणे बंधनकारक केले. 1879 च्या कायद्यातला वर्षाचा उतारा आणि हा तिमाहीचा उतारा यांच्यामध्ये 144 वर्षे आहेत.

बदलत्या दराच्या घरकर्जावर मुदतपूर्व फेडीचा दंड बँकांना 2012 पासून आकारता येत नाही. दुसऱ्या बाजूने, 2002 च्या सरफेसी कायद्याने थकलेल्या कर्जाचे घर न्यायालयात न जाता ताब्यात घेण्याची सोय बँकांना दिली, आणि 2016 च्या दुरुस्तीनंतर ते सोडवण्याचा हक्क लिलावाची नोटीस प्रसिद्ध होईपर्यंतच उरतो. एके काळच्या साठ वर्षांच्या अवधीशेजारी हे ठेवून पाहण्यासारखे आहे. कर्ज फिटल्यावर सावकाराने ऋणकोसमोर खत फाडावे, अशी जुनी रीत होती. आता मूळ कागदपत्रे तीस दिवसांत परत करावी लागतात आणि बँकेकडून विलंब झाल्यास 1 डिसेंबर 2023 पासून दिवसाला 5,000 रुपये भरपाई ऋणकोला द्यावी लागते.