शिंद्यांच्या घरचा आवाज

वाचकहो, दसऱ्याच्या सुमारास नागपुरास आलात, तर रहाटे कॉलनीच्या चौकातून दीक्षाभूमीकडे जरा पायी चालून पाहा. दुतर्फा पुस्तकांची दुकाने, बुद्धाच्या मूर्ती, निळे झेंडे आणि गाणी. एका दुकानातले गाणे संपण्याआधी पुढच्या दुकानातले कानी पडते. त्या गर्दीतही एक आवाज डोळे मिटून ओळखता येतो. भरदार, उंच पट्टीतला, कर्ण्यावाचूनही वेशीपर्यंत पोचेल असा. हा आवाज प्रल्हाद शिंदे यांचा. आणि नवल असे, की हाच आवाज तुम्ही आपल्या गावी सत्यनारायणाच्या मांडवातही ऐकलेला असतो.

गाणारी घराणी म्हटली, की ग्वाल्हेर, किराणा, जयपूर ही नावे आपण घेतो. तीन पिढ्या महाराष्ट्राच्या कानात राहिलेल्या शिंद्यांचे नाव त्या यादीत सहसा येत नाही. ते का येत नाही, याचा विचार व्हावा म्हणून आजचा हा प्रपंच.

प्रल्हाद भगवानराव शिंदे यांचा जन्म १९३३ सालचा, सोलापूर जिल्ह्यातल्या मंगळवेढ्याचा. मंगळवेढे जसे दामाजीपंतांचे, तसे चोखोबांचेही. गावकुसाचे काम चालू असताना भिंत कोसळली आणि चोखोबा गेले ते याच गावी, असे परंपरा सांगते. पंढरीस त्यांची समाधी आहे, पण ती देवळाच्या बाहेर. प्रल्हाद शिंदे तेरा-चौदा वर्षांचे होते, तेव्हा म्हणजे १९४७ साली, साने गुरुजींच्या उपोषणानंतर ते देऊळ अस्पृश्यांना उघडले. ज्या विठ्ठलाची गाणी या माणसाने पुढे घरोघर पोचवली, त्याच्या देवळाची पायरी लहानपणी त्याच्या समाजाला बंद होती. एवढे ध्यानात ठेवा, म्हणजे पुढचे नीट कळेल.

१४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपुरात बाबासाहेब आंबेडकरांनी लाखोंच्या साक्षीने बौद्ध धम्माची दीक्षा घेतली आणि अनुयायांना बावीस प्रतिज्ञा दिल्या. जुन्या देवांची उपासना करणार नाही, हे त्या प्रतिज्ञांत स्पष्टच होते. आता विचार करा. घरातून देव गेले, तसे त्यांचे जागरण-गोंधळ गेले, आरत्या गेल्या. पण गाणारा गळा कुठे जाणार? लग्नात, बारशाला, जयंतीला काय गायचे? चळवळीत गाणे होतेच. भीमराव कर्डकांसारख्यांचे जलसे त्याआधीच गावोगाव फिरले होते. दीक्षेनंतर मात्र नव्या गाण्यांची भूक फार वाढली. सिन्नर तालुक्यातल्या देशवंडीचे वामनदादा कर्डक यांच्यासारख्या कवींनी ती आपल्या लेखणीने भागवली आणि प्रल्हाद शिंद्यांसारख्या गायकांनी गळ्याने.

पण शिंदे केवळ भीमगीते गाऊन थांबले नाहीत. ते कव्वाली गायले, लोकगीते गायले. ‘पाऊले चालती पंढरीची वाट’ गायले, ‘ऐका सत्यनारायणाची कथा’ही गायले. मग प्रश्न येतोच, की धम्म स्वीकारलेल्या समाजातला गायक देवांची गाणी कसा गातो? एक उत्तर रोकडे आहे. गाणे हा त्यांचा पोटाचा धंदा होता, आणि गायकाला मागणी येईल ते गावे लागते. दुसरे उत्तर चोखोबांपर्यंत मागे जाते. ज्यांना देवळाबाहेर उभे केले, त्यांच्याच घरांत विठ्ठलाचे गाणे पिढ्यान्‌पिढ्या जपले गेले होते. मला दोन्ही उत्तरे खरी वाटतात, आणि त्यांतले एक खोडून टाकण्याची घाई इतिहासाच्या शिक्षकाने करू नये. एका समाजाने केलेला सारा प्रवास त्या एका गळ्यात साठलेला आहे.

आता यंत्राविषयी थोडे सांगतो, कारण यंत्राने या घराचे भाग्य पालटले. जुनी तबकडी मिनिटाला ७८ फेरे घेई आणि एका बाजूला तीन-सव्वातीन मिनिटे वाजे. फोनो महाग, तो मोठ्या वाड्यात नाहीतर तालुक्याच्या हॉटेलात असायचा. कोणाचे गाणे मुद्रित करायचे, हे मोजक्या कंपन्या ठरवीत. कॅसेट १९६३ साली युरोपात निघाली, आणि १९८० च्या दशकात ती आपल्या खेड्यापाड्यांत पोचली. साठ मिनिटांची फीत, किंमत बेताची, वाजवायला बॅटरीवरचा टेपरेकॉर्डर पुरे. लहान लहान कंपन्या उभ्या राहिल्या, आणि पूर्वी ज्यांच्या खिशात तबकडीचे पैसे नव्हते ते आता गिऱ्हाईक झाले. काय मुद्रित व्हावे, यात त्यांचाही शब्द चालू लागला.

याच लाटेवर पुढची पिढी आली. प्रल्हादरावांचे पुत्र आनंद, मिलिंद आणि दिनकर हे तिघेही गाण्यात उतरले. आनंद शिंदे यांच्या ‘नवीन पोपट हा’ या गाण्याने तर लग्नाच्या वराती आणि रिक्षा दणाणून सोडल्या. शिष्ट मंडळींनी नाके मुरडली, पण पाय त्यांचेही हलले! २००६ च्या ‘जत्रा’ चित्रपटात आनंद शिंदे यांनी वैशाली सामंत यांच्यासह ‘कोंबडी पळाली’ गायले. अजय-अतुल यांची ती चाल २०१२ साली हिंदी पडद्यावरही गाजली. तिसऱ्या पिढीचे आदर्श शिंदे २०१३ च्या ‘दुनियादारी’त ‘देवा तुझ्या गाभाऱ्याला’ गायले. आजोबांच्या बालपणी ज्यांना देवळात शिरता येत नव्हते, त्यांच्या नातवाने गाभाऱ्याचे गाणे गावे आणि ते साऱ्या महाराष्ट्राने गुणगुणावे, ही लहान गोष्ट नव्हे.

असेच एक घर सातासमुद्रापलीकडे होते. अमेरिकेच्या मिसिसिपी राज्यात कापसाच्या मळ्यावर वाढलेले रोबक स्टेपल्स पुढे शिकागोस गेले आणि मुलांना घेऊन चर्चमध्ये गाऊ लागले. ‘स्टेपल सिंगर्स’ हे त्यांचे घरचे पथक. मार्टिन ल्यूथर किंग यांचे भाषण ऐकून त्यांनी भजनांच्या जोडीला काळ्या लोकांच्या हक्कांची गाणी धरली, आणि १९७२ साली त्यांचे एक गाणे साऱ्या अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर गेले. त्यांच्या संगीताला तिकडे ‘सोल’, म्हणजे आत्मा, म्हणतात. देऊळ, चळवळ आणि बाजार या तिन्ही ठिकाणी एकच कुटुंब गाते, हा योग दोन्हीकडे सारखाच. तिकडे मात्र अशा गाण्यांवर ग्रंथ लिहिले गेले. आपल्याकडे ते काम फार थोडे झाले आहे.

वामनदादा १५ मे २००४ रोजी गेले, आणि त्याच वर्षी २३ जूनला प्रल्हाद शिंदे गेले. चाळीस दिवसांच्या आत एक मोठा कवी आणि एक मोठा गायक आपल्यातून उठून गेले. गायकाचा आवाज फितीवर राहिला. पण कॅसेटचे वेष्टन हरवले, की गीतकार कोण, ढोलकी कोणाची, साल कोणते, हे सारेच हरवते. आपला इतिहास कागदावरून लिहिला जातो, आणि ही गाणी हवेत होती. घराण्यांच्या यादीत शिंदे दिसत नाहीत, याचे एक कारण हेही आहे.

म्हणून शिक्षकबंधूंनो आणि भगिनींनो, एक विनंती. तुमच्या गावात जयंतीला गाणारे जुने गायक असतील, जात्यावर भीमाच्या ओव्या गाणारी एखादी आजी असेल. पाचवी-सहावीच्या पोरांना वही देऊन त्यांच्याकडे पाठवा. गाणे कोणते, बांधले कोणी, शिकवले कोणी, साथीला कोण होते, एवढे चार प्रश्न विचारू द्या. आजकाल खिशातल्या मोबाईलवर आवाजही टिपता येतो. पण नावे मात्र वहीत लिहूनच घ्या.