लाटेवरचा स्वार आणि पडद्यावरचे निवेदन

फळीवर उभे राहून समुद्राच्या लाटेवर स्वार होण्याची जी क्रीडा आहे, तिच्यावरील अनुबोधपटांना एक स्वतंत्र इतिहास आहे. त्यांत काय दाखविले गेले याइतकेच काय वगळले गेले, हेही पाहणे आम्हांस अगत्याचे वाटते.

हवाई बेटांच्या भाषेत या क्रीडेस 'हेए नालू' म्हणतात. कॅप्टन कुकच्या सफरीतील लेफ्टनंट जेम्स किंग याने १७७९ साली तिचे वर्णन लिहून ठेवले. पुढे परकीयांबरोबर आलेल्या रोगांनी हवाईची प्रजा घटली आणि १८२० पासून आलेल्या मिशनऱ्यांस ही जलक्रीडा रुचेना. १८९८ मध्ये अमेरिकेने बेटे आपल्या राज्यास जोडली. त्यानंतर आठच वर्षांनी, १९०६ मध्ये, एडिसनच्या कंपनीसाठी रॉबर्ट बोनाइन याने वाइकिकीचे लाटास्वार चित्रित केले. ज्यांचे राज्य गेले, त्यांचा खेळ असा परक्यांच्या पडद्यावर आला.

१९५३ साली बड ब्राउन याने आपला पहिला चित्रपट सांता मोनिका येथील एका शाळेच्या सभागृहात ६५ सेंट तिकीट लावून दाखविला. अशा खेळांत निर्माता स्वतःच गावोगाव हिंडे आणि आपल्याकडील कीर्तनकाराप्रमाणे श्रोत्यांसमोर उभा राहून निरूपण करी. त्याच परंपरेतील ब्रूस ब्राउन याने रॉबर्ट ऑगस्ट व माइक हिन्सन या दोघा तरुणांस घेऊन उन्हाळ्याच्या मागोमाग पृथ्वीप्रदक्षिणा केली. सुमारे ५०,००० डॉलरांत, १६ मिलिमीटरच्या फितीवर सिद्ध झालेला 'द एंडलेस समर' वितरकांनी प्रथम नाकारला. तेव्हा त्याने तो समुद्रापासून शेकडो मैल दूर असलेल्या विचिटा गावी ऐन हिवाळ्यात लावला आणि प्रेक्षकांची रीघ लागली. १९६६ मध्ये तो सर्वत्र प्रदर्शित झाला.

चित्रपट रमणीय आहे, यात संशय नाही. परंतु घानाच्या किनाऱ्यावर हे तरुण जणू एक अपूर्व विद्या घेऊन आले, असा त्याचा सूर आहे. वस्तुतः अक्राजवळ मुले हलक्या फळ्यांवर पालथी पडून लाटांबरोबर येतात, हे जेम्स अलेक्झांडर या प्रवाशाने १८३४ मध्येच पाहिले होते. दक्षिण आफ्रिकेत तर १९५३ च्या कायद्याने सार्वजनिक जागा वर्णभेदानुसार वाटून देण्यास मुभा मिळाली होती, आणि समुद्रकिनारेही त्यातून सुटले नव्हते. निवेदनात त्याचा उल्लेख येतो, तो ओझरत्या विनोदापुरताच. वाळूच्या टेकड्यांपलीकडील त्या सुंदर लाटेवर कोणास जाता येत असे आणि कोणास नाही, हा प्रश्न प्रेक्षकाच्या मनास शिवतही नाही.

२००२ साली अमेरिकेने या चित्रपटास राष्ट्रीय चित्रसंग्रहात स्थान दिले. त्याच वर्षी 'हार्ट ऑफ द सी' हा अनुबोधपट पुरा झाला. मकाहाची लाटास्वार रेल सन १९९८ मध्ये कर्करोगाने निवर्तली. तिचे जीवन त्यात आले आहे आणि ते तिच्याच तोंडून ऐकू येते. हवाईची कन्या येथे केवळ दृश्य राहिलेली नाही, ती बोलते आहे. पहिल्या चित्रपटाचा आनंद नाकारण्याचे कारण नाही. मात्र या क्रीडेचा इतिहास जाणू पाहणाऱ्याने दुसरा पाहिल्यावाचून राहू नये, असे आमचे मत आहे.