उखर्डू, सुपडू, नथू: खानदेशी नावांच्या पोटात काय आहे?

आजच्या भागात लढाई नाही, किल्ला नाही, राजा नाही. आज नावांबद्दल बोलायचंय. माणसांच्या साध्या, पाळण्यातल्या नावांबद्दल.

सुरुवात बहिणाबाईंपासून करू. बहिणाबाई चौधरी कुणाला माहीत नाहीत? २४ ऑगस्ट १८८० ला जळगावजवळच्या असोद्यात त्यांचा जन्म झाला. ३ डिसेंबर १९५१ ला त्या गेल्या. पुढच्या वर्षी, १९५२ मध्ये, त्यांच्या ओव्यांचं पुस्तक आलं आणि लिहिता-वाचता न येणारी ही शेतकरी बाई मराठीतली मोठी कवयित्री ठरली. २०१८ मध्ये जळगावच्या विद्यापीठाला त्यांचं नाव मिळालं. हे सगळं आपण शाळेपासून ऐकत आलोय.

पण त्यांच्या चरित्रातल्या दोन पुरुषांच्या नावांवर आपण कधी थांबत नाही. वडील उखाजी महाजन. नवरा नथूजी चौधरी. उखाजी आणि नथूजी. शहरातल्या मुलांना ही नावं सांगितली तर ती हसतात. खानदेशातल्या जुन्या माणसांना मात्र यात हसण्यासारखं काही वाटत नाही, कारण प्रत्येक गावात एखादा तरी उखा आणि एखादा तरी नथू होताच.

उखा, उखाजी ही नावं उखर्डूच्या घरातली. आणि उखर्डू म्हणजे उकिरड्यावरचा.

आता कुठले आईबाप आपल्या पोराला उकिरड्यावरचा म्हणतील? तर ज्यांची आधीची दोन-तीन पोरं गेली आहेत, ते म्हणतील. रीत अशी होती: घरात मूल जगत नसेल तर नवीन जन्मलेलं बाळ उचलून गावाबाहेरच्या किंवा परसातल्या उकिरड्यावर नेऊन ठेवायचं. मग दुसऱ्याच कुणीतरी, शेजारणीनं म्हणा, सुईणीनं म्हणा, ते ‘सापडलं’ म्हणून उचलायचं आणि आईच्या हातात द्यायचं. म्हणजे काय, तर हे पोर आमचं नाहीच! आम्हाला कचऱ्यात मिळालंय. ज्या मरणानं, ज्या नजरेनं आमची आधीची पोरं नेली, त्याला या पोराचं काय पडलंय? फेकलेल्या वस्तूला दृष्ट लागत नाही.

हे एकदा लक्षात आलं की खानदेशातली कितीतरी नावं उलगडतात. सुपडू घ्या. जळगाव जिल्ह्यात हे नाव अगदी घरोघरचं. सूप म्हणजे धान्य पाखडायचं सूप, सुपडं. बाळाला सुपात घालायचं, कोंडा-कचऱ्यासारखं, आणि मग परत घ्यायचं. शेनफडू, कचरू ही शेणाची आणि कचऱ्याची नावं. दगडू आणि धोंडू म्हणजे दगड. दगडाला कोण मारणार? भिका, भिकन, फकिरा म्हणजे भीक म्हणून मागून आणलेलं, फकिराच्या आशीर्वादानं मिळालेलं. वेडू म्हणजे वेडा. झिपरू म्हणजे केसांच्या झिपऱ्या असलेला. नवस फिटेपर्यंत पोराचे केस कापायचे नाहीत अशीही रीत होतीच. नशिराबादच्या झिपरू अण्णा महाराजांना आजही लोक हात जोडतात. त्या नावात कुणाला कमीपणा दिसत नाही.

आणि नथू? मुलाचं नाक टोचून त्यात नथ घालायची. म्हणजे मरणाला वाटावं की ही मुलगी आहे. याच्याकडे मी नंतर परत येणार आहे, कारण त्यात एक वेगळीच गोष्ट लपली आहे.

ही रीत काही एका जातीची किंवा फक्त खानदेशाची नव्हती. नथुराम गोडसेचं मूळ नाव रामचंद्र. आधीचे भाऊ गेले म्हणून त्याला नथ घातली आणि नथुराम हे नाव चिकटलं. ते घर ब्राह्मणाचं होतं. पंजाबात रिचर्ड टेंपल या इंग्रज अधिकाऱ्यानं १८८३ मध्ये पंजाबी विशेषनामांवर पुस्तकच लिहिलं. तिथला छज्जू हा आपल्या सुपडूचा सख्खा भाऊ, कारण छज म्हणजे सूप. घसीटा म्हणजे जमिनीवरून ओढलेला. आपल्याला अगदी लागून असलेल्या मध्य प्रांतातल्या जातीजमातींवर रसेल आणि हिरालाल यांचा ग्रंथ १९१६ मध्ये निघाला. त्यातही अशा नावांची नोंद आहे.

आता प्रश्न येतो की एवढी भीती कशाची? आकडा ऐका. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला हिंदुस्थानात जन्मलेल्या हजार बाळांपैकी दोनशेहून जास्त बाळं पहिला वाढदिवस बघत नव्हती. पाचातलं एक तरी जायचंच. त्यानंतर देवी होती, गोवर होता, हगवण होती. आणि खानदेशावर त्या काळात एकामागून एक संकटं आली. १८९६-९७ चा दुष्काळ. त्याच सुमारास मुंबईत प्लेग आला आणि रेल्वेच्या वाटेनं आत पसरला. तो ओसरतो न ओसरतो तोच १८९९-१९०० चा दुष्काळ, गुजरात-मारवाडात ज्याला छप्पनियो म्हणतात तो. बहिणाबाई तेव्हा विशीत होत्या. पुढे प्लेगनं त्यांच्याही घरात हात घातला. त्यांचा मुलगा ओंकार वाचला, पण कायमचा अपंग झाला. त्यांची तीन मुलं: काशी, ओंकार आणि सोपान. तिन्ही नावं देवाधर्माची, तीर्थक्षेत्राची, संताची. यातला सोपान म्हणजे कवी सोपानदेव चौधरी. म्हणजे बघा, आजोबा उखाजी, बाप नथूजी आणि नातू सोपानदेव. एकाच घरात तीन पिढ्यांत नावांचा नूर कसा बदलला, ते इथं दिसतं.

मरणासमोर आईबाप आणखी काय करू शकतात? अगदी उलटंही करू शकतात. दूर फिनलंडचं उदाहरण देतो. तिथं १८६६ ते १८६८ या काळात भयानक दुष्काळ पडला आणि देशातली सुमारे आठ टक्के माणसं मेली. पुढच्या काही दशकांत, एकोणिसाव्या शतकाच्या शेवटाकडे, फिनिश भाषेचा अभिमान जागा झाला आणि लोक मुलांना चर्चच्या परंपरेतल्या नावांऐवजी आपल्या भाषेतले शब्दच नावं म्हणून ठेवू लागले. त्यातलं एक लाडकं नाव तोइवो. अर्थ आशा. मुलींचं आयनो, हे त्यांच्या ‘कालेवाला’ या महाकाव्यातून आलं आणि त्याच्या मुळाशी ‘एकुलती’ हा अर्थ आहे.

तिकडच्या बापानं आशा हाच शब्द पोराला दिला आणि चारचौघांत मोठ्यानं हाक मारली. खानदेशातल्या बापाच्या पोटात आशा काही कमी नव्हती. पण ती बोलून दाखवायची त्याची हिंमत नव्हती. ‘एकुलता’ हा शब्द तर त्यानं उंबऱ्याबाहेर काढलाच नसता. म्हणून त्यानं आशेला उकिरड्यात लपवलं. माझ्या मते उखर्डू आणि तोइवो यांचा अर्थ एकच आहे. एकानं तो उघड सांगितला, दुसऱ्यानं झाकून.

आणि उकिरडा म्हणजे शेतकऱ्याला नुसती घाण नव्हे, हेही ध्यानात ठेवा. काळ्या कपाशीच्या रानाला जे खत जायचं ते तिथूनच. वर्षभर सांभाळलेला उकिरडा ही घरची पुंजी होती. बारा वर्षांनी उकिरड्याचाही पांग फिटतो, ही म्हण उगाच नाही आली.

इथपर्यंत गोष्ट गोड आहे. पण इथंच थांबलो तर ती अर्धी राहील. कारण याच नावांना दुसरंही एक मूळ आहे आणि ते आईच्या मायेचं नाही.

मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात नाव कसं ठेवावं याचा नियम आहे. ब्राह्मणाचं नाव मंगल असावं, क्षत्रियाचं बळाचं, वैश्याचं धनाचं आणि शूद्राचं तिरस्कार वाटेल असं. दया पवार यांचं ‘बलुतं’ १९७८ मध्ये आलं. दया पवारांचं मूळ नाव दगडू मारुती पवार. त्या पुस्तकात हा दगडूच आपली गोष्ट सांगतो आणि आपल्या नावाबद्दल, त्यामागच्या मनुस्मृतीच्या नियमाबद्दल तो कडवटपणे बोलतो. त्या कडवटपणाला मी काय उत्तर देणार? कचऱ्या, धोंड्या, भिक्या अशा हाका ज्यांनी पिढ्यान् पिढ्या ऐकल्या, त्यांना ‘अहो, ही तर रक्षणाची रीत’ असं सांगणं म्हणजे जखमेवर मीठ चोळणं. बाबासाहेबांच्या चळवळीनंतर, विशेषतः १९५६ च्या धर्मांतरानंतर, असंख्य घरांनी ही नावं टाकली आणि मुलांना सिद्धार्थ, गौतम, राहुल म्हटलं. तो त्यांचा निर्णय पूर्ण बरोबर होता.

मग एकाच नावात माया किती आणि अपमान किती, हे ओळखायचं कसं? नावाकडे बघून ते कळत नाही. नावाच्या शेवटाकडे बघा. पुण्यातला मिठाईवाला दगडू, तो दगडूशेठ झाला आणि त्याच्या नावानं गणपती जगभर गाजला. असोद्याचा उखा, तो उखाजी झाला. खानदेशात सुपडूला म्हातारपणी सुपडू आण्णा म्हणतात, उखर्डूला उखर्डू नाना. आणि ज्याच्याकडे जमीन नाही, ज्याची जात खालची मानली, तो मात्र साठ वर्षांचा झाला तरी दगड्याच. आईनं दोघांनाही एकाच भीतीनं दगड म्हटलं असेल. पण गावानं एकाला ‘शेठ’ जोडलं आणि दुसऱ्याला ‘या’. अपमान शब्दात नव्हता, तो प्रत्ययात होता.

आता नथूकडे येतो. पोराला नथ घालून मुलगी दाखवायची, म्हणजे मरण त्याला सोडून देईल. का सोडेल? कारण मुलगी नेण्यासारखी नाही असं सगळ्यांनीच धरून चाललेलं. उकिरडा, दगड, शेण आणि मुलगी, या सगळ्या एकाच ओळीतल्या बिनमोलाच्या गोष्टी! मुलाला वाचवायला त्याला बिनमोल ‘ठरवावं’ लागायचं. मुलीला ठरवायची गरजच पडायची नाही.

म्हणून मुलींसाठी या जातीचं जे नाव आपल्याला माहीत आहे, ते रक्षणाचं नाही. नकुसा, नकोशी. साताऱ्यात २०११ च्या ऑक्टोबरमध्ये जिल्हा प्रशासनानं कार्यक्रम घेऊन अशा २८५ मुलींची नावं बदलली. कचरू म्हणणाऱ्या आईला ते पोर हवं असायचं. नकुसा म्हणणाऱ्या घराला ती नको असायची. दोन्ही नावं वरवर सारखी वाटतात, पण आत जमीन-अस्मानाचा फरक आहे. आणि आपण खानदेशवाल्यांनी सातारकरांकडे बोट दाखवायचं कारण नाही. त्याच २०११ च्या जनगणनेत सहा वर्षांखालच्या मुलींच्या प्रमाणात जळगाव जिल्हा राज्यात तळाकडेच होता. आमच्याकडे नावं ठेवायची वेळच येत नव्हती, एवढाच काय तो फरक.

२०२० मध्ये महाराष्ट्रात हजारामागे दगावणाऱ्या बाळांचा आकडा सोळाच्या आसपास आला होता. लस आली, सरकारी दवाखाने आले, आशाताई दारात येऊ लागल्या, आणि उखर्डूची गरज संपली. हे नाव फॅशन बदलली म्हणून गेलेलं नाही. त्यामागची भीती गेली म्हणून ते गेलं. याच्याइतकी चांगली बातमी दुसरी नाही.

पण एक गोष्ट मला खटकते. आपल्याकडे मधलं नाव बापाचं असतं. समजा एखाद्याचं नाव संजय उखर्डू पाटील. शाळेच्या दाखल्यावर, सातबाऱ्यावर, मतदार यादीत उखर्डू अजून शिल्लक आहे. पण संजयच्या मुलाचं नाव लागणार समीर संजय पाटील. तिथं उखर्डू कागदावरून कायमचा पुसला जातो. शिवाय कॉलेजात पोरं हसतात म्हणून संजय स्वतःच नुसतं ‘यू’ लिहू लागतो. आणखी वीस-पंचवीस वर्षांत ही नावं जुन्या सातबाऱ्यांत आणि कीर्द-खतावण्यांतच उरतील, आणि वाचणाऱ्याला त्यांचा अर्थ कळणार नाही.

इतिहासाचार्य राजवाडे ३१ डिसेंबर १९२६ ला धुळ्यात वारले. त्यांच्या नावाचं संशोधन मंडळ आजही धुळ्यात आहे. त्यांनी गावांची नावं, माणसांची नावं यांच्या व्युत्पत्तीवर आयुष्यातली वर्षं घातली, कारण जिथं बखर नाही, ताम्रपट नाही, तिथंही नाव असतं, हे त्यांना पक्कं ठाऊक होतं. गरिबाच्या घरात दुसरा कुठला कागद असणार? किती पोरं जन्मली, किती गेली, हे कुणी लिहून ठेवलं नाही. पण चौथ्याचं नाव सुपडू असेल तर आधीच्या तिघांचं काय झालं असेल याचा अंदाज येतो. त्या तिघांची एवढीच काय ती नोंद.

तेव्हा मंडळी, या भागाच्या निमित्तानं एक काम करा. घरातल्या म्हाताऱ्या आत्याला, काकाला विचारा की आजोबांचं, पणजोबांचं नाव असं का ठेवलं होतं. अहिराणीत विचारा, लेवा बोलीत विचारा, पण विचारा. उत्तर नाव, गाव आणि सालासकट वहीत लिहून ठेवा. आणि कुणी मधलं नाव ‘यू’ म्हणून आटोपतं घेत असेल, तर त्याला हा भाग ऐकवा.

भेटू पुढच्या भागात. नमस्कार.