चिठ्ठीतला चोर : एका खेळाचा इतिहास

स्मरणिका समितीने मला ‘इतिहासावर काहीतरी लिही’ असे सांगितले, तेव्हा त्यांच्या डोळ्यांसमोर अजिंक्यतारा किंवा प्रतापगड असणार. सहलींच्या आठवणी इतरांनी लिहिल्याच आहेत. मी आपल्या तुकडीने सर्वांत जास्त खेळलेल्या खेळाचा इतिहास लिहायचे ठरवले. मैदानावरचा नव्हे, शेवटच्या बाकावर, वहीचे पान फाडून खेळलेला.

राजा, राणी, शिपाई, चोर. चार चिठ्ठ्या, चार घड्या, ओंजळीत हलवून बाकावर टाकायच्या. राजाला १०००, राणीला ८००, शिपायाला ५०० आणि चोराला शून्य. निदान आपल्या वर्गात तरी भाव असाच होता. राजा चिठ्ठी उघडून ऐटीत विचारायचा, “माझा शिपाई कोण?” शिपाई हात वर करायचा. मग उरलेल्या दोघांत चोर कोण, हे त्याने ओळखायचे. बरोबर ओळखला तर ५०० त्याचे, चुकला तर चोराचे. ओळखायला साधन काय? समोरचा चेहरा, एवढेच. गणिताच्या बाईंनी आपल्याकडून जप्त केलेल्या चिठ्ठ्यांचा हिशेब काढला तर एक वही सहज भरेल.

या घराण्याचा मोठा खेळ जन्मला मॉस्कोत. तिथल्या विद्यापीठात मानसशास्त्र शिकणाऱ्या दिमित्री दाविदोव्ह याने १९८६-८७ च्या सुमारास ‘माफिया’ हा खेळ बसवला. गोल करून बसलेल्या मंडळींत दोघे-तिघे गुपचूप माफिया ठरतात. ‘रात्री’ सगळे डोळे मिटतात, माफिया एकाला टिपतात; ‘दिवसा’ सगळे मिळून चर्चा करतात आणि मत देऊन एकाला बाहेर काढतात. खेळाची कळ साधी आहे. थोड्यांना सगळे माहीत असते, पुष्कळांना काहीच माहीत नसते, आणि निकाल पुष्कळांच्या मतावर लागतो. १९९७ मध्ये अँड्र्यू प्लॉटकिन या अमेरिकन माणसाने माफियाच्या जागी माणूस-लांडगा आणला आणि ‘वेअरवुल्फ’ म्हणून तोच खेळ पुढे पसरला. जून २०१८ मध्ये ‘इनरस्लॉथ’ नावाच्या छोट्या कंपनीने तो अंतराळयानात नेऊन फोनवर आणला. तोच ‘अमंग अस’. दोन वर्षे त्याला फारसे कोणी विचारले नाही. २०२० मध्ये सगळे जग घरात बसले आणि एकाएकी जो तो एकमेकांवर संशय घेऊ लागला.

आपला व्हॉट्सॲप ग्रुप त्याच काळात जागा झाला. कोणी साताऱ्यात, कोणी कऱ्हाडात, निम्मी मंडळी सांगली-मिरजेकडे, दोघे परदेशात. एकीच्या मुलीने आपल्याला खेळ शिकवला आणि दर शनिवारी रात्री आपण दहा जण चाळिशी ओलांडलेले लोक रंगीबेरंगी बाहुल्या होऊन त्या यानात फिरू लागलो. दहापैकी दोघे लबाड, म्हणजे इम्पोस्टर. बाकी आठ जणांनी तारा जोडायच्या, कचरा टाकायचा, यंत्रे चालू करायची. सगळी कामे पुरी झाली किंवा दोन्ही लबाड बाहेर गेले, तर खलाशी जिंकले. लबाडांनी एकेकाला गाठून संख्या बरोबरीत आणली, तर ते जिंकले. प्रेत सापडले की सभा, सभेत आरोप, आरोपावर मतदान.

सुरुवातीचे महिनाभर खलाशी म्हणून आपण हरतच होतो. का, याचा हिशेब मी एकदा कागदावर मांडला. आठ खलाशी. प्रत्येक फेरीत निदान एक लबाडांच्या हातून जातो, आणि आपण चुकीच्या माणसाला काढले की दुसरा आपल्याच हातून. म्हणजे फेरीला दोन. आठाचे सहा, सहाचे चार, चाराचे दोन. दोघांसमोर दोन लबाड, खेळ संपला. तीन चुकीची मतदाने पुरतात. लबाडांना फार कष्ट करावे लागत नाहीत, निम्मे काम बहुमत करून देते.

त्यानंतर आपण सुधारलो. जिंकण्याच्या ज्या युक्त्या तेव्हा हाती लागल्या, त्या पुढच्या पिढीसाठी नोंदवून ठेवतो. एक, सभेत “तू असा का बोलतोस?” हा प्रश्न कुचकामी आहे. “तू कुठे होतास, कुठल्या वाटेने आलास, वाटेत कोण दिसले?” हे विचारा. खोटे बोलणारा चेहरा सांभाळतो, पण वाट सांगताना अडकतो, कारण वाटेवर दुसरेही कोणी असते. दोन, डोळ्यांनी पाहिलेले आणि मनाला वाटलेले वेगळे ठेवा. जमिनीतल्या झरोक्यातून कोणी बाहेर येताना दिसला तर तो पुरावा. तपासणीच्या यंत्रावर उभे राहून कोणी आपली तपासणी सर्वांसमोर करून दाखवली तर तो निर्दोष. बाकी सगळी हवा. तीन, पुरावा नसेल आणि माणसे भरपूर उरली असतील, तर मत राखून ठेवा. खेळात तशी सोय आहे. चार, सर्वांत आधी आणि सर्वांत मोठ्याने बोट दाखवणाऱ्यावर लक्ष असू द्या. आणि लबाड झालात तर? थोडेच खोटे बोला. उरलेले सगळे खरे सांगा, आणि आरोप दुसऱ्याच्या तोंडून येऊ द्या.

इतके सगळे कळूनही एक चूक आपण शेवटपर्यंत करत राहिलो. आपल्यातला एक जण सभेत बोलतच नसे. “गप्प आहे म्हणजे तोच,” असे म्हणून आपण त्याला पहिल्याच फेरीत बाहेर काढायचो. बहुतेक वेळा तो निर्दोष निघायचा. एका शनिवारी असाच तो गेला. या खेळात बाहेर गेलेला खलाशी भूत होऊन राहिलेली कामे करू शकतो. आपण इकडे भांडत होतो आणि तो एकटा, कोणाला न दिसता, आपल्या वाटणीच्या तारा जोडत होता. शेवटचे काम पुरे झाले आणि पडद्यावर आपला विजय झळकला. सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मला मात्र त्या रात्री झोप लागली नाही. त्याचे कारण सांगण्याआधी आपल्या मुलखाकडे वळतो.

लपलेला माणूस ओळखण्याचा खेळ आपल्या दोन जिल्ह्यांनी जिवावर उदार होऊन खेळला आहे. तासगाव, वाळवा, शिराळा, खानापूर हे आज सांगली जिल्ह्यातले तालुके १९४९ पर्यंत सातारा जिल्ह्यातच होते. १९४९ मध्ये दक्षिण सातारा वेगळा झाला आणि १९६० मध्ये त्याचे नाव सांगली पडले. याच अखंड साताऱ्यात १९४३ ते १९४६ क्रांतिसिंह नाना पाटलांचे प्रति सरकार चालले. ७ जून १९४३ ला शेणोलीजवळ रेल्वे लुटली गेली, २४ जुलैला वसंतदादा पाटील सांगलीचा तुरुंग फोडून बाहेर पडले. नाना, जी. डी. बापू लाड, नागनाथअण्णा नायकवडी वर्षानुवर्षे भूमिगत राहिले.

ते कसे राहू शकले? इथे खेळ उलटा झाला होता. माहिती पुष्कळांकडे होती आणि अंधारात होते थोडे, म्हणजे पोलीस. कोण कुठल्या वस्तीवर झोपतो, हे भाकरी पोचवणाऱ्या बाईला ठाऊक, गुराख्याला ठाऊक, फौजदाराला नाही. अशा वेळी सरकारचा सगळा भर एका माणसावर येतो, खबऱ्यावर. आणि प्रति सरकारचा सगळा धोकाही तोच. पायाच्या तळव्यांवर मार देण्याच्या शिक्षेवरून लोकांनी ‘पत्री सरकार’ हे नाव कसे पाडले, ते आपण आजोबांकडून ऐकले आहे. पण त्याच सरकारने गावोगाव न्यायदान मंडळे नेमून वादी-प्रतिवादींना समोरासमोर बसवले आणि तंटे मिटवले, हे आपण कमी ऐकले. ज्या काळात नुसत्या संशयावर माणूस आयुष्यातून उठू शकत होता, त्या काळात दोन्ही बाजू ऐकून घेण्याची गरज लोकांना वाटली, ही मला त्या चळवळीची मोठी गोष्ट वाटते.

याच्या उलट टोकाला इंग्रजांचा १८७१ चा गुन्हेगार जमाती कायदा. काही जमातींत जन्मलेला माणूस जन्मतःच चोर, असे तो कायदा मानत होता. अशा माणसांची नावे नोंदली जात, त्यांना ठरल्या वेळी हजेरी द्यावी लागे, गाव सोडायला परवानगी लागे. १९५२ मध्ये कायदा रद्द झाला. आपल्या राजा-राणीच्या खेळात निदान चिठ्ठ्या दर डावाला नव्याने पडत. त्या कायद्याने चिठ्ठी कायमची एकाच्या हातात दिली होती, आणि कायदा गेला तरी बोलण्यातला सूर गेला नाही.

आता आपली गोष्ट. आठवीचे वर्ष, १९९१ चा हिवाळा. प्रतापगडच्या सहलीचे ३४० रुपये वर्गातून नाहीसे झाले. पाकीट वर्गशिक्षकांच्या टेबलाच्या खणात होते, असे सर्वांना वाटत होते. पहिल्या एसटीने येऊन प्रार्थनेआधी वर्गात एकटा बसणारा एकच मुलगा होता. तो ज्या वस्तीवरून यायचा, तिचे नाव गावात एका ठरावीक सुरात घेतले जाई. मधल्या सुट्टीत आपण त्याला फळ्याजवळ उभे केले. तो लालबुंद झाला, बोलला नाही. “बघा, गप्प आहे.” मग कोणीतरी म्हणाले, मत घेऊ. हात वर झाले. मोजले मी. गुरुजनांना यातले काही ठाऊक नव्हते. हे आपण आपसांत केले.

तो सहलीला आला नाही. पुढच्या जूनमध्ये तो सांगलीकडे मामाकडे शिकायला गेला, असे कळले.

सहलीनंतर दोन आठवड्यांनी पैसे सापडले. हजेरीपत्रकाला घातलेल्या तपकिरी कागदी कव्हराच्या आत पाकीट होते. कोणीतरी जपून ठेवले आणि विसरले. ते आम्हा दोघांच्या हाती लागले. आम्ही ते सरांना दिले, सरांनी शाबासकी दिली. त्याला काही सांगायचे राहून गेले, असे मी इतकी वर्षे स्वतःला सांगत आलो. राहून गेले नव्हते. मला लाज वाटत होती, म्हणून मी सांगितले नाही.

शनिवारी रात्री गप्प बसणारा खलाशी तोच. आपला ग्रुप पुन्हा जमला तेव्हा कोणीतरी त्याला सांगलीतून शोधून आणले होते, आणि तो एका शब्दानेही जुने न काढता आपल्यात खेळत होता. त्या रात्रीनंतर दोन दिवसांनी मी त्याला फोन केला. सगळे सांगितले. बराच वेळ पलीकडून आवाज नव्हता. मग तो म्हणाला, “आरं, त्या दिवशी माझी यष्टी वाटंत पंक्चर झाल्ती. प्रार्थना संपल्यावर आलो मी. वर्गात नव्हतोच.”

“मग बोलला का नाहीस?”

“तुम्ही इचारलं कुठं? ‘घेतलंस का’ म्हणून इचारलं. ‘कुठं हुतास’ म्हणून कोण इचारलंच न्हाई.”

मी नंतर विचार केला. ज्या हजेरीपत्रकाच्या कव्हरात पैसे होते, त्याच हजेरीपत्रकात त्या दिवशी त्याच्या नावापुढे उशिराची खूण असणार. चोरी झालीच नव्हती हे आणि तो वर्गात नव्हता हे, दोन्ही एकाच वहीत होते. ती उघडून बघायची कोणाला सुचले नाही, कारण निकाल चेहऱ्यावर वाचून झाला होता.

हे छापू का, असे मी त्याला विचारले. “नाव नको घालू, बाकी लिही,” म्हणाला. म्हणून लिहिले. मतांना हात वर करणारे आपण तीसेक जण होतो. त्यांतले बरेच जण हे पान वाचत असतील. माझी माफी मी मागितली आहे. ज्याची त्याने मागावी.

स्नेहमेळाव्याला तो येणार आहे. मी वहीचे पान फाडून चार चिठ्ठ्या करून आणणार आहे. शेवटच्या बाकावर या. शिपाई कोणाच्याही वाट्याला आला, तरी बोट दाखवण्याआधी एक प्रश्न विचारायचा, एवढा एकच नियम आपण नवा करू.