हॅक्लुटचा ग्रंथ व गोव्याचे पत्र

इंग्रजी भाषेतील आरंभीचे भूगोलग्रंथ केवळ कुतूहलाचा विषय नव्हेत, असे आम्हांस वाटते. रिचर्ड हॅक्लुट याने १५८९ साली लंडनमध्ये प्रवासवृत्तांतांचा संग्रह प्रसिद्ध केला. १५९८ ते १६०० या काळात तो तीन खंडांत वाढविला. फादर थॉमस स्टीफन्स यांनी १५७९ साली गोव्याहून पित्यास लिहिलेले पत्र त्यात आहे. वारे, तारे व सागरी मार्गावरील खुणा त्यात बारकाईने नोंदल्या आहेत. १६०० च्या अखेरीस ईस्ट इंडिया कंपनीस सनद मिळाली. अशा ग्रंथांतील ज्ञान व्यापाऱ्यांच्या उपयोगी पडले. व्यापारामागून राज्य आले. फादर स्टीफन्स मात्र गोमंतकातच राहिले आणि त्यांनी मराठीत ‘ख्रिस्तपुराण’ रचले. ज्या लेखणीने इंग्रजांस इकडील वाट सांगितली, तिनेच मराठीस ग्रंथ दिला, हे आम्ही विसरू शकत नाही.